एका मात्रेपायी काशी

मी शाळेत मराठी शिकवतो. गेली सत्तावीस वर्षं काना-मात्रेच्या प्रत्येक चुकीला अर्धा गुण कापत आलो आहे. याच हातानं मी एका मात्रेत काशीचं एक अख्खं घर मारलं. ते कसं, हे आधी सांगितल्याशिवाय मी काशीला का गेलो ते कळायचं नाही.

आठ वर्षांपूर्वी आमच्या कुलमंडळानं कुलवृत्तांत छापला. ज्यांच्या घरी असा ग्रंथ नाही त्यांच्यासाठी सांगतो: एका आडनावाच्या माणसांची, मूळ पुरुषापासून कालच्या बारशापर्यंत, शाखावार हजेरी घेणारं जाड पुस्तक म्हणजे कुलवृत्तांत. (आमचं आडनाव इथं लिहीत नाही. मंडळाचे अध्यक्ष हे वाचतील.) संपादनाचं काम माझ्या गळ्यात पडलं, कारण माझं शुद्धलेखन. आमच्या आजोबांनी, रामचंद्रपंतांनी, भावकीची एक यादी करून ठेवली होती. तीत त्यांच्या थोरल्या भावाची नोंद मला अशी दिसली: ‘के. विसाजी. मुलगा के. हरी, वय ९.’ आता ‘के.’ म्हणजे काय? काहीच नाही. मी मराठीचा शिक्षक. आजोबांच्या एका मात्रेवर मी दुसरी पदरची घातली आणि ‘कै. विसाजी, कै. हरी’ केलं. नऊ वर्षांचा मुलगा कैलासवासी म्हटल्यावर पुढं संततीचा प्रश्न नाही, म्हणून त्याखाली नियमाप्रमाणं एक शब्द छापला: निर्वंश.

वैद्याच्या मात्रेनं मेलेला माणूस उठून बसतो म्हणतात. माझ्या मात्रेनं बसलेली माणसं आडवी झाली.

गेल्या दसऱ्याच्या सुमारास काशीहून पोस्टकार्ड आलं. जुन्या वळणाचं, रेघ न आखता सरळ गेलेलं अक्षर.

‘सा. न. वि. वि. आपल्या ग्रंथात पृष्ठ १४३ वर माझे तीर्थरूप हरी विसाजी हे नवव्या वर्षी निर्वंश वारल्याचे वाचले. मी त्यांचा मुलगा सदाशिव. वय चौऱ्याहत्तर. प्रकृती ठीक आहे. आमच्याकडील कागदांत आम्हां सर्वांच्या नावांमागे का. म्हणजे काशीवासी असे लावण्याची रीत होती, त्यावरून आपला घोटाळा झाला असावा. एरवी त्रास दिला नसता. परंतु माझी नात माधवी हिचे लग्न पुण्याच्या एका मुलाशी ठरत आले आहे. मुलाच्या मातोश्रींनी आपला ग्रंथ पाहिला व “हे घराणे तर संपलेले आहे, मग ही मंडळी कोण?” अशी पृच्छा केली. त्यांना काय उत्तर द्यावे ते कळवावे.’

माझी बायको कालिंदी हिनं ते कार्ड दोनदा वाचलं.

“नऊ वर्षांचं पोर मारताना हात कापला नाही का हो?”

“अगं, मात्रा...”

“मात्रेचं मला सांगू नका. त्या मुलीचं काय ते बघा.”

बघायचं ते सोपं नव्हतं. कुलवृत्तांताची पुरवणी संक्रांतीनंतर छापायला जायची होती. आमचे अध्यक्ष अण्णासाहेब जन्मभर कोर्टात शिरस्तेदार होते. त्यांचा तोंडी गोष्टीवर विश्वास नाही. स्वतःच्या मुलाच्या लग्नाचं आमंत्रणही त्यांनी स्वतःला पोस्टानं पाठवलं असेल. ते म्हणाले, “पोस्टकार्ड कोणीही लिहील. लेखी पुरावा आण. काशीला आपल्या तीर्थोपाध्यायांच्या वह्या असतात. जाणारा प्रत्येक जण तिथं आपल्या हातानं घराण्याची नावं लिहून येतो. त्यात विसाजी-हरी दाखव, मी छापतो. नाहीतर पृष्ठ १४३ आहे तसं राहील.”

नाताळच्या सुट्टीत निघायचं ठरवलं. कालिंदी म्हणाली, “मीही येते. एकटे गेलात तर आणखी कुणाला तरी संपवून याल.”

पहिला दिवस

गाडी पाच तास उशिरा पोचली, एवढंच तिच्याविषयी सांगतो. थंडी मात्र सांगण्यासारखी होती. आमच्या चिपळुणात थंडी म्हणजे एखादी जादा चादर. इथं माणसं चालत्या गाठोड्यांसारखी दिसत होती आणि त्या गाठोड्यांतून वाफ निघत होती.

रिक्षावाल्यानं चौकात उतरवलं आणि “आगे गली है” असं म्हणून गल्लीकडं बोट दाखवलं. गल्ली म्हणजे दोन घरांनी एकमेकांशी बोलता बोलता मध्ये ठेवलेली फट. कोकणात शेजाऱ्याला हाक मारायला माडाच्या बागेतून जावं लागतं. इथं खिडकीतून हात घातला तर शेजाऱ्याच्या फडताळातली साखर मिळेल. पानवाल्याला कार्डावरच्या पत्त्यातलं ‘दूधविनायक’ विचारलं. त्यानं तोंडातलं पान सांभाळत हनुवटीनं दिशा दाखवली. हनुवटी नेमकी कुठं वळली हे मला कळलं नाही, पण पुन्हा विचारायची लाज वाटली. हा माझा जुना रोग.

दोन वळणं झाली आणि मागून ‘राम नाम सत्य है’ ऐकू आलं. बाजूला व्हायला जागा नव्हती. एक तिरडी आमच्या पुढं गेली, दुसरी मागून आली आणि आम्ही बॅगांसकट दोघांच्या मधे सापडलो. थांबता येईना, वळता येईना. गल्ली उतरत गेली ती थेट मणिकर्णिकेवर. समोर लाकडांचे ढीग, धूर, आणि त्यापलीकडं गंगा.

“बरोबर आणलंत,” कालिंदी म्हणाली. “संपादकांचं गाव हेच.”

लाकडाच्या वखारीवरचा एक माणूस आमच्याकडं आला. अतिशय मायेनं त्यानं विचारलं, “किसके साथ आए हैं?”

मी म्हटलं, “पत्नी के साथ.”

त्यानं मान खाली घातली. “कब हुआ?”

“सत्ताईस साल हो गए,” मी सांगितलं. मला वाटलं, लग्नाचं विचारतोय.

तेवढ्यात कालिंदी माझ्या मागून बॅग घेऊन पुढं आली. तो माणूस आधी दचकला आणि मग इतका हसला की, शेजारचे दोघंतिघं बघायला लागले. मग त्यानंच आम्हांला वरच्या गल्लीनं दूधविनायकाच्या तोंडाशी आणून सोडलं. तेवढ्या वाटेत कालिंदी फक्त एकदा बोलली: “आता मीच राहिले होते.”

गल्लीच्या तोंडाशी एक मुलगी शाल गुंडाळून उभी होती. आम्हांला बघून पुढं आली.

“तुम्ही चिपळूणचे ना? मी माधवी. आजोबा सकाळपासून इंतजार करतायत. परेशान होऊन दोनदा मला खाली पाठवलं.”

विद्यापीठात एम. ए. करणारी, बावीस-तेवीस वर्षांची मुलगी. बॅग तिनं माझ्या हातातून अशी काढून घेतली की, ‘असू दे, असू दे’ म्हणायलाही सवड मिळाली नाही.

घर अरुंद आणि उंच. दगडी जिना, प्रत्येक पायरी वेगळ्या मापाची. वरच्या खोलीत कानटोपी घातलेले, काटकुळे सदाशिवराव जाजमावर बसले होते. संस्कृत पाठशाळेत चाळीस वर्षं शिकवून निवृत्त झालेले. मला बघून ते उठले.

“यावं, यावं. मीच तो निर्वंश.”

मी वाकून नमस्कार केला.

“बसावं. मेलेल्या माणसाच्या घरी चहा चालतो ना?”

ते हसले आणि मग मीही हसलो. नातं मोजलं तेव्हा त्यांचे आजोबा विसाजी आणि माझे आजोबा रामचंद्र सख्खे भाऊ, म्हणजे हे माझे चुलत-चुलतभाऊ. त्या क्षणापासून ते ‘दादा’ झाले आणि मी ‘अरे मोरेश्वरा’. माधवी कालिंदीला ‘काकू’ म्हणत होती. दादांनी तिला सुधारलं, “काकू नव्हे, आजी लागतात तुझ्या.” कालिंदी चटकन म्हणाली, “काकूच राहू दे. नात्याची घाई नको.”

जेवण माधवीच्या आईनं, उमानं केलं होतं. माधवीचे वडील ती शाळेत असताना गेले. उमा तेव्हापासून रेल्वेच्या कचेरीत नोकरी करते आणि घर चालवते. आमटीला वास तंतोतंत आमच्या घरचा होता, चव मात्र थोडी बाजूला सरकलेली. कालिंदीनं विचारलं, “आमसूल कुठलं घालता?”

“सोलं ना? ही बघा,” म्हणत उमानं डबा उघडला. आत आमचूर होतं. वाळवलेल्या कैरीच्या फोडी.

आम्ही दोघं एकमेकांकडं बघायला लागलो. शंभर वर्षांपूर्वी कोकणातून आणलेली सोलं कधीतरी संपली असणार. शब्द संपला नाही. रिकामा डबा ठेवायचा नाही म्हणून कुणीतरी त्यात इथली कैरी भरली, आणि चार पिढ्या ती सोलं म्हणून खाल्ली.

कालिंदी उठली, बॅगेतून घरच्या कोकमांची पुडी काढून आणली. माधवीनं एक उचलून उजेडात धरलं. “हे असं काळं असतं?” दादांनी ती पुडी नाकाशी नेली. मग म्हणाले, “वडील सांगायचे, खरी सोलं जांभळी असतात म्हणून. मला वाटायचं, म्हाताऱ्याची आठवण रंग चढवून सांगते आहे.”

दुसरा दिवस

सकाळी माधवीनं मलइयो खायला नेलं. दुधाचा केशरी फेस, रात्रभर दवात ठेवलेला, मातीच्या कुल्हडात वर डोंगर करून देतात. तोंडात घालावा तर काही नसतंच, नुसती गोडी उरते. कालिंदी म्हणाली, “कुलमंडळाच्या सभेसारखं आहे. केवढं दिसतं आणि हाताला काही लागत नाही.” तिनं तीन कुल्हडं खाल्ली.

उपाध्ये, बाबागुरुजी, दादांच्या घरापासून चार घरं पलीकडं राहतात. त्यांच्या माडीवर भिंतभर फळ्या आणि त्यांवर लाल कापडात बांधलेल्या वह्या. आडनाव त्यांनी शेवटी विचारलं, पहिला प्रश्न, “गाव?” मूळ गाव सांगितल्यावर, “म्हणजे राजापूर तालुका.” हात वर गेला आणि बरोबर ती वही खाली आली. लांबट, आडवी, मधे दोऱ्यानं शिवलेली. माणसं गावं सोडतात, मुंबईला जातात, आडनावं बदलतात. इथं अजून सगळी आपापल्या तालुक्यात, आपापल्या आळीत बसलेली होती. मधली बरीच पानं मोडीत. मी कुलवृत्तांताचा संपादक, पण मला मोडी येत नाही, हे तिथं कबूल करावं लागलं. गुरुजी सौजन्यानं म्हणाले, “हल्ली कोणाला येते?” आणि माधवी पलीकडून म्हणाली, “मला येते.”

पण विसाजी सापडेनात. हरीही नाही. गुरुजींनी वही मिटली आणि कपाळावर हात मारला.

“माझंच चुकलं. ते इथले रहिवासी. काशीत राहणारा काशीयात्रेला येतो कशाला? इथल्याचा लेख इथं नसतो. बाहेरून येणाऱ्याचा असतो.”

“म्हणजे इथं नाव लिहायला आधी इथून जायला हवं,” कालिंदी म्हणाली.

“तसंच.”

वहीच्या लाल कापडाची गाठ माधवी उगाचच सारखी करत राहिली.

गुरुजी म्हणाले, “कोणी भेटायला आलं असेल त्यांना, तर त्याच्या लेखात उल्लेख असेल. तुमच्या आजोबांपैकी कोणी?”

मी नकारार्थी मान हलवली. रामचंद्रपंत आणि विसाजी यांचं कशावरून तरी बिनसलं होतं, एवढंच आमच्या घरात माहीत. आजोबा थोरल्या भावाचं नाव तोंडानं काढत नसत. ते काशीला गेल्याचं मी कधी ऐकलं नव्हतं. वही मोठी, पानं शेकड्यांनी, आणि परवाची आमची परतीची गाडी. गुरुजी म्हणाले, उद्या दिवसभर बसा, एकेक पान बघा.

दुपारी मन रमवायला मुन्शी घाटावरून नावेत बसलो. मी पुढं होऊन कालिंदीला हात द्यायला वळलो आणि माझी उजवी चप्पल गंगेत गेली. नावाडी म्हणाला, “चढ़ गई, बाबूजी. अब निकालना पाप है.” मी एका चपलेनं काशीदर्शन केलं. कालिंदी म्हणाली, “दुसरीही टाका. एकीला सोबत होईल.” माधवीला हसू आवरेना. सकाळपासून ती पहिल्यांदा हसत होती.

नावेतच तिनं कालिंदीला सांगितलं. मुलाचं नाव निखिल. तिच्याच वर्गात पुण्याहून शिकायला आलेला. दोघांनी आपसांत ठरवलं आहे, तो आईच्या मनाविरुद्धही लग्न करायला तयार आहे.

“मग करा की,” कालिंदी म्हणाली.

“करू, काकू. पण आजोबा? त्यांना कोणी विचारावं, तुम्ही कोण म्हणून? मला नाही बर्दाश्त होत. मला त्या घरात जायचंय तर आजोबांचं नाव घेऊन जायचंय.”

संध्याकाळी दादांच्या खोलीत बसलो होतो. तो कुलवृत्तांत निखिलनं आईकडून मागून इथं आणून ठेवला होता. मी दादांची माफी मागितली. ती पत्रात मागितली होती, पण तोंडानं राहिली होती.

दादा म्हणाले, “मात्रेचं मनाला लावून घेऊ नकोस. चूक कोणाचीही होते. समज, उद्या तुला लेख सापडला. तू माझ्या वडिलांना जिवंत केलंस, मला जिवंत केलंस. माझा मुलगा तर खरोखरच गेला. मागं ही एक पोरगी. मग तिच्या बापाच्या नावाखाली तू काय लिहिणार?”

मला उत्तर ठाऊक होतं. मंडळाचा नियम होता: मुलगा नसेल तर शाखा संपली.

माधवी पानं उलटत होती. ती थांबली. “काका, हे तुम्हीच ना? मोरेश्वर. पत्नी कालिंदी.” तिनं वर बघितलं, मग पुन्हा पुस्तकात. “इथं पण निर्वंश लिहिलंय. पण काकू, तुम्ही तर नावेत म्हणत होतात, तुमच्या दोन मुली...”

खरंच होतं. आमच्या सुषमा आणि वर्षा. नियम सगळ्यांना सारखा म्हणून मी स्वतःच्या नावाखालीही तोच शब्द घातला होता. आपण किती निःपक्षपाती, असं वाटून तेव्हा थोडा फुगलोही होतो.

मी कालिंदीकडं बघितलं. ती शालीच्या दशा सोडवत होती.

“मला ठाऊक आहे,” ती म्हणाली. “प्रकाशनाच्या दिवशीच वाचलं. तुम्ही पेढे वाटत होतात तेव्हा.”

आठ वर्षं. या आठ वर्षांत तिनं मला किती गोष्टींवरून टोचलं, त्याची मोजदाद नाही. यावरून एकदाही नाही. तिचं न टोचणं ही गोष्ट किती मोठी असते, हे मला त्या थंडीत कळलं.

तिसरा दिवस

सकाळी आठला आम्ही गुरुजींच्या माडीवर हजर. मोडीतली पानं माधवी वाचत होती, बालबोध मी. काय काय नव्हतं त्यांत. ‘घाट उतरताना बैल मेला.’ ‘आईच्या अस्थी आणल्या, पाऊस होता.’ ‘यंदा आंब्याला मोहोर चांगला.’ काशीत बसून माणसानं मोहोराचं लिहून ठेवलं, कारण दुसरं कोणाला सांगणार? पुस्तकात आमचं कूळ नुसत्या नावांचं होतं. इथं ते बोलत होतं.

बारा वाजून गेले. उमानं डबा पाठवला, तो तिथंच खाल्ला. त्यात खऱ्या सोलांची आमटी होती. गुरुजींनाही दिली. ते म्हणाले, “आंबट वेगळं लागतंय आज.”

तीनच्या सुमारास मी एक पान उलटलं आणि दचकलो. तोंडातून शब्द गेले, “हे मी कधी लिहिलं?”

अक्षर माझं होतं. माझं अक्षर आजोबांवर गेलंय असं आई म्हणायची. मी ते कधी मनावर घेतलं नव्हतं, त्यांची यादी वाचतानाही नाही. तोच उतरता ‘र’, तोच पोटफुगा ‘म’. आणि काना. वरून हौसेनं निघालेला, शिरोरेषेपाशी वाकलेला आणि अर्ध्या वाटेत दमून बसलेला काना. नीट न बघणाऱ्याला तो हमखास मात्रा वाटावा. फळ्यावर मी तो असाच काढतो. ‘काका’ लिहिलं की मागच्या बाकावरून ‘के के’ असा आवाज येतो.

कालिंदी म्हणाली, “वाचा की.”

मला वाचवेना. माधवीनं वही आपल्याकडं ओढली आणि थांबत थांबत वाचलं.

‘लेख लिहिला रामचंद्र याने. काशीवासी वडील बंधू विसाजीपंत यांचे घरी दूधविनायकावर उतरलो. बारा वर्षांनी भेट झाली. कोण चुकले याची चर्चा केली नाही. त्यांचा मुलगा का. हरी, वय ९, हुशार आहे. मजला घाट दाखवीत हिंडला. पुढे आमचेपैकी कोणी येईल त्याने दुसरीकडे उतरू नये. यांचेकडेच उतरावे.’

खाली गल्लीतून एक सायकल घंटी वाजवत गेली.

माझ्या डोक्यात एकच गोष्ट घोळत होती. आम्ही दुसरीकडं उतरलो नव्हतो.

माधवीनं ‘का. हरी, वय ९’ यावर बोट ठेवलं आणि तसंच ठेवून म्हणाली, “आजोबांना बोलवून आणते,” पण उठली नाही. शेवटी कालिंदीच गेली. दादा काठी टेकत आले. त्यांनी लेख स्वतः वाचला, चष्मा पुसला, पुन्हा वाचला. मग म्हणाले, “वडील सांगायचे. कोकणातून एक काका आले होते, त्यांना मी घाट दाखवले. त्यांची एक चप्पल मुन्शी घाटावर वाहून गेली.”

यावर कालिंदीनं माझ्या पायांकडं ज्या नजरेनं बघितलं ती मी लिहून दाखवू शकत नाही.

वही घराबाहेर द्यायची नसते. गुरुजी स्वतः ती लाल कापडात बांधून, छातीशी धरून, झेरॉक्सच्या दुकानापर्यंत चालत आले. मागं दादा, उमा कचेरीतून येऊन मिळालेली, माधवी, आम्ही. दुकानदारानं विचारलं, “कितनी कॉपी?” दादा म्हणाले, “दो. एक पूना, एक कोर्ट.” कोर्ट म्हणजे आमचे अण्णासाहेब.

परत माडीवर आल्यावर गुरुजींनी कोरं पान उघडलं आणि पेन माझ्या हातात दिलं. “आता तुमचा लेख.”

मी माझं नाव लिहिलं, वडिलांचं, आजोबांचं. पत्नी कालिंदी. मग थांबलो.

“मुलगे?” गुरुजींनी विचारलं.

“दोन मुली.”

“मुलींची नावं सासरच्या वहीत जातात. रीत तशी आहे.” मग ते क्षणभर थांबले. “पण लेख यजमानाच्या हातचा. तुम्ही काय लिहायचं ते आम्ही सांगत नाही. आम्ही फक्त सांभाळतो.”

मी लिहिलं: मुली सुषमा, वर्षा. त्याखाली लिहिलं: दूधविनायकावर का. सदाशिवदादांचे घरी उतरलो. त्यांची नात का. माधवी, मोडी वाचते. पुढे कोणी येईल त्याने यांचेकडेच उतरावे.

माधवी खांद्यावरून बघत होती. “आजोबा, मी तर पुण्याला जाणार. का. कशी राहीन?”

दादा म्हणाले, “सोलं संपली तरी डबा सोलांचाच राहिला ना? तशी.”

परत आल्यावर

अण्णासाहेबांनी झेरॉक्स उजेडात धरून, भिंगातून, उलटी करून बघितली. मग म्हणाले, “पुरावा ग्राह्य.” मुलींची नावं घालायची आणि तो शब्द पुरवणीतून काढायचा, यावर मात्र ते आठवडाभर अडून बसले. आठव्या दिवशी त्यांचीच नात त्यांच्या मांडीवर चढून विचारायला लागली, माझं नाव कुठल्या पानावर आहे? अण्णासाहेब कोर्टात कधी हरले नव्हते. तिथं हरले.

पुण्याच्या बाईंचं पत्र दादांना गेलं, त्याची नक्कल दादांनी मला पाठवली. ‘घराणे जिवंत असल्याचे वाचून आनंद झाला. आपल्या घरी कोकमे लागतात असे कळले, ती पाठवीत आहे.’ लग्न फाल्गुनात, काशीलाच. आमच्याकडं तांदूळ आणि आमसुलं पोचवण्याचं काम आलं आहे, आणि मला चपलेचा नवा जोड.

छापखान्यात द्यायचा मजकूर काल रात्रीच्या जेवणाआधी मी स्वच्छ अक्षरात लिहून काढला. आधी दादांचं घर, विसाजीपासून माधवीपर्यंत. मग आमचं: मोरेश्वर. पत्नी कालिंदी. मुली सुषमा, वर्षा. तो कागद कालिंदीपुढं ठेवला आणि उगाच खिडकीतून बाहेर बघत उभा राहिलो. खरं म्हणजे शाबासकीची वाट बघत होतो.

तिनं चष्मा लावला. पान वरून खालपर्यंत वाचलं. मुलींच्या नावांवर बोट फिरवलं, मग तेच बोट एक ओळ वर नेलं, आणि म्हणाली:

“माझ्या नावातला काना तेवढा सरळ काढा. नाहीतर छापखान्यातला कुणी हुशार पदरची मात्रा घालेल.”